बालेतेला सगळं कळतं

४ ऑगस्ट
पोहोचले एकदाची. दार उघडलं तर गानी समोर उभा, दाढी केलेला, अंगात लग्नात घेतलेला शर्ट. शर्ट आता पोटावर ताणतो. मला हसू आवरेना, आणि तो लाजला. इतक्या वर्षांनी नवऱ्याला लाजताना पाहून प्रवासाचा सगळा शीण गेला.

या अंतराळतळावर आता आम्ही चौघं. माझा नवरा इसागानी इथे सापडलेल्या झाडाचा अभ्यास करतो. मानांग सोलिंग तळाच्या प्रमुख आणि वयानंही थोरल्या, म्हणून मानांग, म्हणजे ताई. मानोंग, म्हणजे दादा, तेम्योंग यंत्रं सांभाळतात. मी नर्स. सूर्य इथून नुसता एक ठळक तारा दिसतो. जेवायला सुका मासा, भात आणि मिरच्या घातलेलं व्हिनेगर होतं. फिलिपिन्समधल्या आमच्या इलोइलोच्या घरी बसल्यासारखं वाटलं.

७ ऑगस्ट
आज झाड बघितलं. खिडकीबाहेर, बर्फात. माती नाही, हवा नाही, तरी उभं आहे. काळपट पानं, लोंबत्या पारंब्या, मुळं थेट आमच्या भिंतीत शिरलेली. दिसायला गावाकडच्या बालेतेसारखं, आमच्याकडच्या वडासारखं, म्हणून सगळे त्याला बालेतेच म्हणतात. लहानपणी त्या झाडाखालून जाताना आतल्या भुतांकडे वाट मागत आम्ही ‘ताबी, ताबी’ पुटपुटायचो. खिडकीशी माझ्या तोंडून तेच निघालं. मानोंग तेम्योंग हसले. म्हणाले, “त्याच्याकडे कसली वाट मागतेस? तेच तुझ्यात शिरेल.”

गानी म्हणाला, याला मनातलं कळतं, आणि एकाच्या मनातलं ते दुसऱ्याच्या हातांकडून करवून घेतं. मला थट्टा वाटली. दुपारी मला आल्याची पेज खावीशी वाटत होती. कुणाला बोलले नव्हते. मानांग सोलिंग वाटी घेऊन आल्या, माझ्यापुढे ठेवली आणि स्वतःच बुचकळ्यात पडल्या. “मला तर आल्याचा वासही सोसत नाही,” म्हणाल्या.

१५ ऑगस्ट
सवय होते याची. पाठ दुखली की गानी न सांगता येऊन चोळतो. पण हल्ली वाटतं, तो येतो की नुसते त्याचे हात येतात?

जेवताना मानोंग तेम्योंग टोचत राहतात. आज म्हणाले, “गानी इथे मजेत होता गं. काम करताना गाणी म्हणायचा. तू आलीस आणि तोंड शिवलं त्याचं.” गानी ताटातल्या भाताकडे बघत राहिला. मला तेम्योंगचा राग आला, कारण नवऱ्याचा येऊ द्यायचा नव्हता. भांडी धुताना वाटून गेलं, हा माणूस बाहेर कामाला जातो ना, तो तिकडेच राहावा.

१६ ऑगस्ट
मानोंग तेम्योंग गेले.

बाहेरचं काम आटपून परत आले तेव्हा मानांग सोलिंगनी आतून दाराचा दांडा वर रेटून धरला होता; तो खाली आला तरच दार उघडतं. ते बाहेरून दार बडवत होते. मी आणि गानी दोघांनी ओढलं तरी मानांग हलेनात. चेहरा शांत, नारळ खवत बसल्यासारखा. बडवणं थांबलं तसा त्यांनी हात सोडला आणि विचारलं, “तेम्योंग अजून आला नाही का?”

१७ ऑगस्ट
मानांग आपल्या हातांकडे बघत बसल्या आहेत. सकाळी म्हणाल्या, “मला तो भावासारखा होता. तुमच्या कुणाच्या मनात काही आलं होतं का?” मी नाही म्हणाले. गानीनं माझ्याकडे बघितलं आणि मान वळवली.

झाड उपटता येत नाही. मुळं भिंतीत आहेत, उपटलं तर आतली हवा जाईल. मदतीचं यान यायला कितीतरी महिने आहेत. मानांगनी स्वतःला पलंगाला बांधून घेतलं. म्हणाल्या, “मला सोडू नका. आणि माझ्याविषयी चांगलंच मनात आणा.”

२२ ऑगस्ट
चांगलंच मनात आणायचं. अख्खा दिवस. करून बघावं कुणीही.

मुळं फुगली आहेत. भिंत कुरकुरते, हवा थोडी थोडी कमी होते आहे. मी आणि गानी जपमाळ ओढतो. मधेच विचारलं, मी यावं असं वाटत होतं ना तुला? हो म्हणाला. लगेच म्हणाला. फारच लगेच.

२५ ऑगस्ट
मानांग गेल्या. माझ्या हातून. पेजेत झोपेचं औषध, सगळी बाटली. मीच भरवलं, मीच तोंड पुसलं. भानावर आले तेव्हा चमचा हातात होता. माझ्या मनात नव्हतं. देवाशपथ नव्हतं.

गानी रडतोय. म्हणतो, हवा तिघांना पुरायची नाही, दोघांना पुरेल, असं त्याला एकदा वाटलं होतं. एकदाच. लगेच झटकलं म्हणतो.

झटकलेलंही पोहोचतं. त्याला मी काय बोलणार, कुठल्या तोंडानं.

२६ ऑगस्ट
लग्नाचा दिवस आठवायचा. फक्त तोच. भिजलेला मांडव, आईचं हसणं. गानीही तेच आठवतोय म्हणाला. दिवसभर समोरासमोर. दोघंही डोळे मिटत नाही.

हवेचा काटा आणखी खाली.

२७ ऑगस्ट
गानी माळ ओढतोय. ओठ हलताहेत. अंगात बाहेर जायचा पोशाख, हेल्मेटसुद्धा. कधी चढवला? विचारलं तर म्हणाला, थंडी वाजते.

लिहिते आहे उजव्या हातानं. डावा — डावा दाराच्या दांड्यावर आहे. मी ठेवलेला नाही. बोटं सुटत नाहीत. त्याला म्हटलं, गानी, माझा हात ओढ. बघतोय. काचेआड रडतोय. उठत नाही —

दांडा खाली — अजूनही त्याचा राग येत नाही, फक्त त्यानं एकदा उठून —