ओनवींचं उत्तर

२ फेब्रु., रविवार
जेवायला अक्काकडे, बनशंकरीला. वरच्या फळीवरून लोणच्याची बरणी काढताना तिने हात अर्धाच उचलला. खोदून विचारल्यावर सांगितलं, डाव्या छातीत गाठ आहे. दसऱ्यापासून. म्हणजे चार महिने! डॉक्टर? “नको. क्लास लावलाय.” कसला क्लास, तर झेरॉक्सचा गठ्ठा पुढे ठेवला. पहिलं वाक्य वाचलं:

“गाठ म्हणजे देहात अडकलेली आठवण. ती कापली तर माणूस अर्धा उरतो.”

हे वाक्य माझं आहे.

३ फेब्रु.
नीट लिहून ठेवतो, नाहीतर वेड लागेल. व्हाइटफील्डच्या गेम कंपनीत मी एक ग्रह लिहिला होता. तिथले लोक ओनवी. त्यांच्याकडे यंत्रं नाहीत, सगळं शास्त्र जाणिवेवर. आकाशाकडे बघत नाहीत, तारे ‘आठवतात’. घर बांधण्याआधी दगडाशेजारी वर्षभर गप्प बसतात. आणि वैद्यक हे असं. गेम बाजारात आलाच नाही, कंपनी बुडाली. मजकूर कुणीतरी इंटरनेटवर टाकला असणार. आता एक निवृत्त प्राध्यापक त्याचे वर्ग घेतात, खरं शास्त्र म्हणून. अक्का त्यात.

५ फेब्रु., बुध.
जुनी फाइल घेऊन गेलो. माझं नाव, तारखा, मॅनेजरचे शेरे, सगळं दाखवलं. वाटलं, संपला प्रश्न. अक्काचे डोळे भरून आले. “पुट्टा, तुझ्याकडूनच आलं होय हे?” मग पान चौदा काढून वाचायला लागली: “ज्याच्याकरवी हे ज्ञान उतरतं, त्याला वाटतं आपणच रचलं.”

तेही माझंच. खेळणारे विचारतील हे ज्ञान पृथ्वीवर कसं पोचलं, म्हणून मॅनेजर मागे लागला होता. जेवणाच्या सुट्टीआधी पाच मिनिटांत उरकलं होतं. आता काहीही बोललो तरी त्याच वाक्यात अडकतो. स्वतःच्या हाताने दार लावून घेतलंय.

९ फेब्रु., रवि.
वर्गाला गेलो, सरांना उघडं पाडायला. तीसेक माणसं, डोळे मिटून, जिथे दुखतं तिथे हात. सर छान शिकवतात, मी लिहिलं त्याहून छान. संपल्यावर सर्वांसमोर म्हणालो, हे सगळं मी पगारासाठी रचलंय. सरांनी, सत्तरीच्या माणसाने, वाकून माझ्या पायांना हात लावला. मी पाय मागे घेतले नाहीत. का घेतले नाहीत? बरं वाटलं म्हणून. लाज वाटते लिहिताना.

१२ फेब्रु.
भांडण. मी ओरडलो, “मरशील!” ती शांत. “आई गेली तेव्हा तू सात वर्षांचा. माझं लग्न राहिलं, मी कधी बोलले? आता स्वल्प माझं मला बघू दे.” तेव्हापासून फोन उचलत नाही.

१५ फेब्रु., शनि.
आज केलं. कागद घेऊन बसलो आणि ओनवींच्या भाषेत लिहिलं: “आठवण पिकली की ती परक्या हातांची वाट बघते. त्या हातांत शस्त्र असलं तरी भिऊ नये.” वाईट लिहिलंय, पण चालेल. तिच्याकडे जाऊन म्हणालो, पहाटे आलं, मी रचलेलं नाही. डोळ्याला डोळा भिडवून खोटं बोललो. अक्का बराच वेळ रडली. मग म्हणाली, “सरी, बरं. कधी जायचं डॉक्टरकडे?”

२१ फेब्रु.
बायॉप्सीचा रिपोर्ट आला. कॅन्सर. काखेतही पोचलाय. डॉक्टरबाईंनी मला विचारलं, “इतके दिवस काय करत होता?” अक्का निवांत. बाहेर कॉफी मागवली, मला दोन घोट काढून दिले.

२४ फेब्रु., सोम.
माझ्या त्या पानाच्याही झेरॉक्स निघाल्या. दुपारी वर्गातल्या एक बाई दारात. नवऱ्याला फिट्स येतात, क्लासमुळे गोळ्या बंद करायचं चाललंय, करू का? म्हटलं, बंद करू नका, अजिबात नको. तिने विचारलं, “हे तुमचं की ओनवींचं?”
“त्यांचं.”
हात जोडून गेली. इथून आता कसं परतायचं.

१ मार्च, शनि.
आधी केमो, मग ऑपरेशन, असं ठरतंय. लगेच सुरू करा म्हणतात. अक्काने त्यांना सांगितलं, “तम्मा काय म्हणतो ते बघून कळवते.” डॉक्टरबाईंना वाटलं, भाऊ खर्चाचं बघत असेल.

घरी आल्यावर मला समोर बसवलं. इतके दिवस न घाबरलेली अक्का आज घाबरली होती. “मी जगेन का रे? तू नको सांगू, तू माझ्यासाठी खोटं बोलशील. ओनवींना विचार.”

मी डोळे मिटले. तिचा श्वास ऐकू येत होता, खालून भाजीवाल्याची हाक. आणखी काही नाही. हो म्हणालो आणि तसं झालं नाही तर? नाही म्हणालो तर ती उपचारच सोडेल. डोळे उघडले तर ती माझ्या तोंडाकडे बघत बसलेली, गाठीवर हात ठेवून, वर्गात ठेवतात तसा.

“सकाळी सांगतो,” म्हणालो.