हॅम कोणी पालथं केलं?

प्रिय लॉरेन्स,

आज नाताळ. मिस्साहून आले, हॅम ओव्हनमध्ये ठेवलं, आणि त्यानंतर जे झालं ते तुला विचारल्याशिवाय माझ्या घशाखाली घास उतरणार नाही. हॅम टेबलावर निवतंय. शेरिनने आणि मी अजून हात लावलेला नाही.

आधी एक सांग, तू कुठे आहेस?

ईस्टरनंतर आम्ही तुला विमानाने वसईला नेलं, तुझ्या आईशेजारी ठेवलं. माती मी माझ्या हाताने टाकली. म्हणून तर मी आखातातलं, अल बर्शाचं हे घर सोडते आहे ना! परवा चावी द्यायची. आपली लेक शेरिन बेंगळुरूहून सामान बांधायला आली आहे. सगळे विचारतात, वसईला एकटी काय करणार? मी सांगते, एकटी कुठे, लॉरेन्स आहे तिथे. रोज संध्याकाळी मेणबत्ती घेऊन जाईन.

आपला इथला पहिला नाताळ आठवतो? सुपरमार्केटच्या मागच्या, डुकराचं मांस विकायच्या त्या वेगळ्या खोलीतून तू हाडाभोवती गोल गोल कापलेलं हॅम आणलंस. आईला घरी पोर्क तासन्‌तास शिजवताना पाहिलेली मी. ओव्हन पूर्ण वाढवला आणि विसरून गेले. काप वाळून पापड झाले! तू हसत सुटलास. "अगं मोनिका, ते शिजवूनच विकतात. मेलेल्याला अजून किती मारशील? नुसती ऊब देऊन जागं करायचं."

त्या वर्षापासून हॅम तुझं. कापलेली बाजू खाली, तळाशी थोडं पाणी, वरून फॉइल, आणि आच इतकी मंद की ओव्हन चालू आहे की नाही तेच कळू नये. वाफ निसटू नये म्हणून फॉइलच्या कडेला तू करंजीसारखी मुरड घालायचास. मी डोकावले की ओरडायचास, "यल्ला, चल मोनिका, किचन खाली कर!" एकदा तरी शिकवायचं होतंस रे! "मी आहे ना," म्हणायचास.

आज घाईत आम्ही कापलेली बाजू वर ठेवली. हो, वरच. गोल काप दिसत होते, मध्ये हाडाचा पांढरा ठिपका. त्यावर फॉइल नुसती टाकली. शेरिन खोकी गाडीत ठेवायला खाली पार्किंगमध्ये गेली. मी दाराला आतून कडी लावली आणि आंघोळीला गेले.

तिने बेल वाजवली तेव्हा मी केस पुसत होते. कडी मीच काढली. मग आम्ही दोघींनी ओव्हन उघडला.

फॉइलला कडेने मुरड. बारीक, एकसारखी, अंगठ्याने दाबलेली. फॉइल सोलली, तर हॅम पालथं.

"ममा, यू मस्ट हॅव डन इट."

"मला ते एकटीला उचलवतं तरी का? ठेवताना दुसरं टोक तूच धरलं होतंस ना?"

फॉइल हातात घेऊन तिने आपला अंगठा एका खळग्यात ठेवून पाहिला. मग मी माझा ठेवला. खळगा आम्हा दोघींनाही मोठा होत होता.

शेरिनने किचनचा लाइट लावला. भर दुपारी.

मी घाबरले. पण तुला नाही. तू इथेच असशील, तर मी वसईला कोणाकडे चालले आहे? परवा घर रिकामं होईल. मग रंगारी येतील, मग नवी माणसं. कोणाला तुझं नावही माहीत नसेल! त्यांच्या पसाऱ्यात तू ओव्हनपाशी बिचकून उभा आहेस, असं डोळ्यांसमोर आलं.

"ममा, तिकीट पुढे ढकलू?" शेरिनने विचारलं. किती ढकलणार? माझा व्हिसा तुझ्या नावावर होता. खलास होत आला.

तेव्हा आता तूच निघ, लॉरेन्स. परवा शेवटची बॅग बाहेर गेली की मी दार सताड उघडं ठेवीन. शेरिनला लिफ्ट धरून ठेवायला सांगीन. वॉचमन घाई करो, टॅक्सी हॉर्न वाजवो, तू माझ्या बाजूने बाहेर पडलास हे मला जाणवेपर्यंत मी चावी फिरवणार नाही. हे माझं वचन.

फक्त नेहमीसारखा चपला शोधत बसू नकोस. तशाच पायांनी ये.

तुझीच,
मोनिका