मूळ नक्षत्राशेजारचा ठिपका

॥ श्री ॥
मंगळवेढे, ता. १९ फेब्रुवारी १९३१

चि. गं. भा. सोजरबाई हीस धोंडीरामचे अनेक उत्तम आशीर्वाद. वि. वि.

इकडे सर्व ठीक. ज्वारीची काढणी चालू असल्यामुळे वर्गात निम्मे बाक रिकामे. तुझी वहिनी दगडाबाई माझ्यावर रुसून आहे, पण ते नेहमीचेच.

आता मुख्य गोष्ट. विंचवाच्या नांगीजवळ, मूळ नक्षत्राच्या शेजारी, एक पिवळसर तारा आहे. त्याला अगदी खेटून मला एक धुरकट ठिपका दिसला. चार दिवस पहाटे पाहिला. भिंगावरचा डाग नव्हे. दुर्बीण हलवली तरी तो ताऱ्याची संगत सोडत नाही. गेल्या वर्षी गुरुबसप्पा मास्तरांच्या इंग्रजी पुस्तकातून तेजोमेघांची आणि तारकागुच्छांची जी यादी तू मला वहीत उतरवून दिलीस, तीत त्या जागी काहीच नाही. म्हणजे हा अजून कोणी पाहिलेला नाही. सोजर, मंगळवेढ्याच्या शाळामास्तराने तो पाहिला.

मात्र धूमकेतू असेल तर तो जागचा सरकेल. दोन महिने नोंदी ठेवल्याशिवाय विलायतेला कळवता येत नाही. आणि मिरजेच्या डॉक्टरांनी काचबिंदूसाठी शिमग्याच्या आत बोलावले आहे. डावा डोळा गेलाच. उजवा शस्त्रक्रियेने राहील म्हणतात. पण मग सहा महिने दुर्बिणीचे नाव काढायचे नाही. तेव्हा एकच विचारतो. उतरवताना काही सुटले नाही ना? तुझी खात्री असेल तर थांबतो. शंका असेल तर उद्याच निघतो.

तुझ्या सासूबाई केराबाईंस नमस्कार सांग. उत्तराला उशीर करू नकोस.
तुझा दादा,
धोंडीराम

॥ श्री ॥
शुक्रवार पेठ, सोलापूर, ता. २६ फेब्रुवारी १९३१

तीर्थस्वरूप दादांच्या पायी सोजरचा शिरसाष्टांग नमस्कार. वि. वि.

तुमचे पत्र मी सासूबाईंना दोनदा वाचून दाखवले. आभाळात काय कमी डाग हाईत म्हणून तुजा भाऊ आनकी एक हुडकतोय, असे त्या म्हणाल्या. पण शेजारच्या बाळाबाईला ही बातमी त्यांनीच मोठ्या तोऱ्यात सांगितली.

दादा, तुम्ही असे विचारलेत याचा थोडा राग आला. मुलींच्या शाळेत सगळ्यांचे शुद्धलेखन मी तपासते. तुम्ही ठळक तेवढेच घे म्हणालात म्हणून यादीतले क्रमांक तुटक आहेत, पण एक ओळ सुटलेली नाही. मास्तर धारवाडला शिकवायला गेलेत आणि पुस्तकही सोबत नेले आहे. मे महिन्यात परततील. पण पडताळून पाहायची गरज नाही.

तरी आधी मिरजेला जावे. ठिपका कुठे पळून जातो? तुम्ही ऐकणार नाही हे ठाऊक आहे, आणि खरे सांगते, ऐकू नये असेही मला वाटते. आपल्या घराण्यात आजवर कुणी कशात पहिले आलेले नाही.

वहिनींचा रुसवा काढावा आणि माझ्यावरची माया कमी करू नये.
आपली,
सोजर

॥ श्री ॥
मंगळवेढे, ता. २१ एप्रिल १९३१

चि. सोजरबाई हीस आशीर्वाद. वि. वि.

ठिपका केसभरही हललेला नाही. एकतीस चित्रे काढून झाली. इंग्रजीत करायचा मजकूर सोबत पाठवला आहे. मास्तर आले की त्यांच्याकडून करून घे आणि विलायतेला पाठवून दे. नाव धोंडीराम असेच राहू दे, पुढे गाव लिही.

अक्षर वाकडे आले आहे, हसू नकोस. हल्ली कंदिलाभोवती रंगीत कडी दिसतात आणि उजवे कपाळ दुपारपर्यंत ठणकते. परवा फळ्यावर लिहिता लिहिता खडू भिंतीवर गेला, मुले हसली, मीही हसलो. दगडाबाई तर रोज रडते. आभाळातलं आभाळात ऱ्हाऊ द्या की, तुमी आदी मिरजंला चला, हे एकच तिचे बोलणे. आता जातो. मेच्या आठ तारखेला निघायचे ठरले आहे.

मनातून इतका सुखी मी कधीच नव्हतो, हे तुलाच सांगतो.
आशीर्वाद आहेतच.
धोंडीराम

॥ श्री ॥
सोलापूर, ता. ४ मे १९३१

तीर्थस्वरूप दादांच्या चरणी नमस्कार.

कसे लिहू कळत नाही, पण लपवणे त्याहून वाईट. काल तुमचा मजकूर घेऊन मास्तरांकडे गेले. त्यांनी पुस्तक उघडले आणि तुमचा ठिपका मला दाखवला. तो पुस्तकात आहे. त्याच ताऱ्याशेजारी. शंभरावर वर्षांपूर्वी कुणीतरी पाहून ठेवलेला. माझ्याकडच्या कच्च्या वहीत त्या दोन पानांवरचे काहीच नाही.

पुस्तक आठ दिवसांच्या बोलीवर आणले होते. मधले तीन दिवस मला कावळा शिवला. वही आपली होती, ती चालली. पण दुसऱ्याचा ग्रंथ बाटवायचा नाही म्हणून सासूबाई समोर बसल्या आणि मी सांगेन तशी पाने उलटत गेल्या. त्यांना अक्षरओळख नाही. कागद पातळ, दोन पाने एकदम उलटली गेली. क्रमांक तुटकच घेत होते म्हणून मलाही कळले नाही. त्या तीन दिवसांत उतरवलेले मी नंतर तपासायला हवे होते. निदान फेब्रुवारीत तुम्ही विचारलेत तेव्हा तरी हे आठवायला हवे होते. आठवले असते तर तुम्ही शिमग्याआधी मिरजेत असता.

सासूबाईंना अजून काही सांगितलेले नाही. दादा, ताबडतोब निघा, आठ तारखेची वाट पाहू नका. मला काय बोलायचे ते नंतर बोला.
अपराधी,
सोजर

॥ श्री ॥
मंगळवेढे, ता. २७ मे १९३१

चि. सोजरबाई हीस आशीर्वाद.

अक्षर शेजारच्या श्रीमंत नावाच्या मुलाचे आहे, शब्द माझे. एकही बदलायचा नाही असे त्याला बजावले आहे.

मिरजेहून परवा परतलो. डॉक्टरांनी शस्त्रक्रिया केली नाही. आता करण्यासारखे उरले नाही, दोन महिन्यांपूर्वी होते, असे म्हणाले. खिडकी कोणत्या बाजूला आहे एवढे कळते, तेही जाईल. शाळेचा राजीनामा श्रीमंतच लिहिणार आहे.

तुझे पत्र निघण्याच्या आदल्या दिवशी मिळाले होते. ते मी स्वतः वाचले, पान डोळ्याला लावून. मी शेवटचे वाचले ते तेच. मला तुझा राग आला आहे. नाही असे लिहिले तर ते खोटे होईल. केराबाईंचा येत नाही, त्यांना काही सांगू नकोस. तू मात्र इतक्यात इकडे येऊ नकोस.

एक काम कर. त्या पुस्तकात त्याच्यापुढे जे लिहिले आहे ते मराठी करून पाठव. तो केवढा, कसा, मध्याला उजळ की सारखा, सगळे. दुर्बिणीतून मी तो इतक्यांदा पाहिला, पण गेल्या काही दिवसांत मनाशी आणायला जातो आणि येत नाही. काल दगडाबाईला म्हटले, वही उघड आणि मी काय काढले आहे ते मला नीट सांग. तिने एकेक पान उलटले. मग म्हणाली, बोट पुसल्यावानी डाग हाय, सगळ्या पानांवर त्योच, दुसरं काय न्हाय.

ती ओळ तेवढी पाठव.
धोंडीराम