उंबराची पेटी

तीर्थरूप बाबा,

गेलेल्या माणसाला लिहायच्या आपल्या रीतीप्रमाणे तुमच्या नैवेद्याच्या वाडग्याच्या आतल्या बाजूने हे लिहितोय. कबरीपाशी नेऊन ठेवायची मात्र हिंमत होत नाही.

तुमच्या कबरीसमोरचा उंबर मी माझ्या शवपेटीसाठी तोडवला. शेजारच्या हापूने जिवंतपणीच स्वतःसाठी परदेशी देवदाराची शवपेटी करवून घेतली आणि येईल त्याला दाखवत सुटला. तेव्हापासून माझा जीव जळत होता. आपल्या मुलखात पेटीजोगं लाकूड मिळतं कुठे?

मेरेतने बजावलं होतं, "अहो, मामंजींनी नदीवरून पाणी वाहून ते झाड जगवलं. त्यांचा जीव पाखरू होऊन तिथेच बसतो."

"पाखराला झाडांची काय कमी?" मी म्हणालो.

कुऱ्हाड चालवताना पाशेद सुतार हसला. "बापाची सावली पांघरून निजणार म्हणा की, मालक!" मीही हसलो, बाबा.

पेटी सुरेख झाली. हापूने दोनदा येऊन पाहिली. काल रंग वाळायला ती अंगणात ठेवली होती. आज सकाळी एक पाखरू आलं, पेटीभोवती घिरट्या घालून तिच्या कडेवर बसलं. मी टाळ्या वाजवल्या तरी उडेना.

 मेरेतने पाण्याची वाटी आणून त्याच्यापुढे ठेवली, आणि ते प्यायलं.

तुम्ही माझ्या दारात पाणी प्यायलात, बाबा, आणि मी दाराआड लपून राहिलो.

तुमच्याच सावलीत वाढलेला,
सेनबी