घर लहान आहे, घाणेरडं आहे, जरूर या

चि. सादाओस,

हिसाशीदादाचे आशीर्वाद. इकडे थंडी पडू लागली. (तिकडे बेटावरही पडली असेल, मधे एक पूल तर आहे, पण पत्रात आधी हवामान लिहायचं असतं, म्हणून लिहिलं.) तुझी कंबर कशी आहे? संत्र्यांच्या तोडणीला एकटा शिडीवर चढू नकोस, आणि चढलासच तर मला कळवू नकोस. गेल्या वर्षी पाठवलेली संत्री गोड होती. तुझ्या वहिनीचं, फुमिएचं, म्हणणं, हे तेव्हाच कळवायला हवं होतं. आता कळवलं.

कामाचं लिहितो. येत्या रविवारी आमची चिनात्सु मिठाईचा खोका घेऊन तुझ्याकडे येईल, तातामीच्या चटईवर डोकं टेकवून नमस्कार करील आणि महिनाभर चित्रीकरणासाठी तुझं घर मागेल. तू सरळ नाही म्हण. थोरला भाऊ म्हणून तुला एवढं सांगायचा हक्क मला आहे, आणि सांगण्यासारखा अनुभवही आता पदरी आहे.

चिनात्सु तोक्योत करते तरी काय, असं तू दर लग्नाकार्यात विचारायचास आणि मी ‘असंच काहीतरी’ म्हणायचो. तुला तो विनय वाटायचा. मला खरोखरच माहीत नव्हतं. तर ती मालिका करते. मालिका म्हटल्यावर तुझ्या डोळ्यांपुढे तलवारी आणि सरदार येतील, तसलं काही नाही. ही फोन उभा धरून बघायची असते, आणि किटलीत चहा मुरेपर्यंत तिचा एक भाग संपतो. विषय एकच, म्हातारे आईबाप आणि त्यांची घोड्याएवढी झालेली मुलं. बाप काहीतरी महत्त्वाचं बोलायला तोंड उघडतो आणि भाग संपतो. पुढचा भाग बघावा तर तो ‘जेवण झालं का?’ एवढंच विचारतो. याला लोक हसतात. मालिकेचं नाव ‘बाबा, काहीतरी बोला’. हे तुला कुणावरून सुचलं गं, असं मी तिला विचारलं, तर माय-लेकींनी एकमेकींकडे बघितलं आणि दोघी भांडी घासायला उठल्या. मला अजून उत्तर मिळालेलं नाही.

चूक माझीच झाली, पण ती चूक आपल्या घराण्यात सगळेच करत आले आहेत. चिनात्सुचा निर्माता, आराकावा म्हणून एक तरुण आहे, त्याचा फोन आला की घर बघायला येऊ का. मी चार भले लोक बोलतात तेच बोललो. घर अगदी लहान आहे, जुनं आहे, घाणेरडं आहे, दाखवण्यासारखं काही नाही, पण या बाजूला आलात तर जरूर या. हे वाक्य आपले वडील बोलायचे, आजोबा बोलायचे, आणि ते ऐकून कधी कुणी आलं नाही. ते वाक्य असतंच त्यासाठी. हा पठ्ठ्या फोनवर ओरडला, “लहान, जुनं, घाणेरडं! काका, आम्ही अगदी असंच घर शोधतोय!” आणि आठवड्याच्या आत माणसं भरलेली गाडी घेऊन दारात हजर. फुमिए सकाळ-संध्याकाळ पडवी पुसते हे तुला ठाऊक आहे. घर बघून त्याचं तोंड एवढंसं झालं. “तुम्ही म्हणालात तेवढं घाण नाहीये हो,” तो म्हणाला, अगदी फसवला गेल्यासारखा. मग त्याने स्वतःच्या हाताने आमच्या सरकत्या दाराच्या पांढऱ्या कागदावर चहाचे डाग पाडले. फुमिए डोकं धरून आत जाऊन पडली.

शेजाऱ्यांना त्रास होणार म्हणून आधीच घरोघर जाऊन माफी मागावी आणि काहीतरी भेट द्यावी, एवढं मात्र त्याला त्याच्या आईने शिकवलं होतं. भेट म्हणून त्याने काय आणावं? टॉवेल. इमाबारीत टॉवेल! जिथे माझा जन्म टॉवेलच्या रंगखात्यात गेला, जिथे अर्धी गल्ली टॉवेल विणते आणि उरलेली त्यांच्या घड्या घालते, तिथे तो परगावचे टॉवेल वाटत हिंडला. शेजारच्या सोगाबाईंनी काठ उलटून बघितला, अंगठ्याने चाचपला आणि साखर पेरल्यासारख्या म्हणाल्या, “अगंबाई, किती पातळ! पावसाळ्यात लवकर वाळेल.” आराकावाला वाटलं, बाई खूश झाल्या. मी मात्र पुढे बरेच दिवस गल्लीतून मान खाली घालून चालत होतो.

त्यात बापाचं काम करणारा नट, हाशिझुमे. माझ्याच आसनावर बसायचा, माझाच स्वेटर घालायचा (खरा वाटतो म्हणे, खराच होता). मी उठताना जो उसासा टाकतो तो पुन्हा एकदा टाकून दाखवा, अशी त्याची विनंती. मी उठताना उसासा टाकत नाही असं मी त्याला ठणकावून सांगितलं आणि तिथून उठलो, तेव्हा सगळे हसले. घरच्या रीतीप्रमाणे बापाने सगळ्यांच्या आधी आंघोळ करण्याचा प्रसंग होता, म्हणून माझ्याच घरात ऊन ऊन पहिलं पाणी त्याला, आणि मी मागाहून. पण देव बघत असतो. शेवटच्या दिवशी माझा उसासा टाकून उठता उठता त्याची कंबर धरली आणि त्याला उचलून दवाखान्यात न्यावं लागलं. एकच प्रसंग उरला होता आणि गाडी संध्याकाळी परतणार होती. सगळे माझ्याकडे बघू लागले. आराकावा म्हणाला, “काका, कपडे तर तुमचेच आहेत.”

प्रसंग असा. मुलगी बॅग घेऊन तोक्योला निघते. फाटकात शेजारीण म्हणते, तुमची मुलगी किती हो कर्तबगार! आणि बाप जन्मात पहिल्यांदा म्हणतो, “हो. माझीच मुलगी आहे.” बस, एवढंच. शेजारणीच्या कामाला खऱ्याखुऱ्या सोगाबाईच होत्या. आता तूच सांग, आपल्या माणसाची कुणी स्तुती केली की आपल्या तोंडून काय निघतं? बाई म्हणाल्या, कर्तबगार. मी म्हणालो, “कसली कर्तबगार हो, धड भात शिजवता येत नाही, लग्नाचं नाव काढत नाही, डोक्याला ताप नुसता.” बाईही रीतीला चुकल्या नाहीत. “अहो, आमच्या ठोंब्यापुढे तुमची बरी! त्याला तर मोजेसुद्धा सापडत नाहीत.” मग मी चिनात्सुला आणखी खाली नेलं, त्यांनी लेकाला आणखी खाली नेलं, आणि कॅमेरा चालू आहे हे दोघेही विसरलो. पुन्हा घेतलं, पुन्हा तेच झालं. “बाबा, नुसतं ‘हो’ म्हणा,” चिनात्सु म्हणाली. मी ‘हो’ म्हणालो, पण पाठोपाठ ‘पण’ आलाच. बाकीची मंडळी ते पातळ टॉवेल तोंडात कोंबून हसत होती.

चिनात्सु तेवढी हसत नव्हती. जवळ आली, माझ्या स्वेटरचं बटण नीट केलं आणि हळूच म्हणाली, “एवढं अवघड आहे का हो, बाबा?” मी म्हणालो, ऊन चाललंय, लवकर घ्या. पुन्हा सोगाबाई म्हणाल्या, किती हो कर्तबगार. मी तोंड उघडलं. काही आलं नाही, ‘कसली’ नाही आणि ‘हो’ही नाही. म्हणून मी वाकलो. सोगाबाईंना खाली वाकून नमस्कार केला, आणि मग काय झालं कोण जाणे, लवकर वर येता येईना. चिनात्सु म्हणाली, “झालं. हेच ठेवू,” आणि गाडीच्या मागे निघून गेली. नाक शिंकरल्याचा आवाज आला. धूळ फार होती.

तो भाग म्हणे देशभर गाजला. न्हाव्याकडे गेलो तर न्हावी वस्तरा बाजूला ठेवून माझ्यापुढे वाकला. मी काही ते बघितलं नाही. आता तिला मालिकेचा पुढचा हिस्सा करायचाय आणि त्यासाठी बेटावरचं घर हवंय. नाही मिळालं तर तो बेत बारगळेल आणि ती तोक्योतच राहील. राहू दे. मुलं ओबोनच्या सणाला आणि नववर्षाला तोंड दाखवतात, तेवढं पुरे असतं. आता घर कसं शांत आहे. तेव्हा नाही म्हण. कंबर जप.

तुझा,
हिसाशीदादा

ता. क. फुमिएने हे पत्र वाचलं (ती सगळीच वाचते) आणि म्हणते, खरं तेही लिहा. दाराचा डागाळलेला कागद ती बदलायला निघाली होती, मी बदलू दिला नाही. लिहिलं.

ता. क. दुसरा. अगदी नाहीच म्हणायला पाहिजे असं नाही. हो म्हण. घर घाणेरडं आहे म्हण, आराकावा उडी मारेल. फक्त चिनात्सुला सांग की राहायला जागा नाही, वरची खोली गळते. (गळत नाही हे मला माहीत आहे.) आमच्या दारावरून पूल ओलांडणारी बस जाते, म्हणजे महिनाभर तिला इथेच राहावं लागेल. तिची गादी उन्हात घालून ठेवली आहे. हे तिला सांगू नकोस.

ता. क. शेवटचा. ती आली की चहा देताना तिला सांग की काम फार चांगलं झालंय. तू काका आहेस, तुला जमेल. तुझंच मत म्हणून सांग. (बघितलंय मी. फोन उभा कसा धरायचा ते न्हाव्याने दाखवलं.) ती म्हणेल, “कसलं हो काका, अगदीच टाकाऊ झालंय.” तर तिचं ऐकू नकोस, पुन्हा सांग. ती खोड तिला माझ्याकडून लागली आहे.