हिरव्या टोपणाच्या दोन बाटल्या

तामलवाडी, मंगळवार, दिवेलागण

दारूबंदीच्या मतदानात आडव्या बाटलीवर शिक्के मारून आमी बायांनी गावातलं दारूचं दुकान बंद पाडलं, आन् आज दारू सापडली कुठं? माझ्याच गोठ्यात.

फळीवर तुरीच्या फवारणीचं औषध असतं. आज तिथं दोन बाटल्या दिसल्या, दोन्हीला हिरवं टोपण. एक उघडली तर दारूचा भपकारा, दुसरीत खरंच फवारणीचं जहर. आमी घरोघर झडती घेतो, म्हणून माझ्या लेकानं, दत्तूनं, औषधाची रिकामी बाटली धुऊन तिच्यात लपवली.

विचारलं तर हसतोय. "आये, मला वासावरून कळतं की."

"आन् चार दिवस नाक गळतंय त्याचं काय?"



चोरून पिणारा अंधारात, घाईत हात घालणार. हिरवं टोपण दोन्हीलाबी. दुकान होतं तवा झिंगून का होईना, जित्ता घरी यायचा. आमचं चुकलं का? न्हाय. पण ही अक्कल त्याच्या एकट्याची न्हाय. आणखी कुणाकुणाच्या फळीवर अशी बाटली असंल? त्या घरच्या बायांना पत्ताबी नसंल.

सून मधी पडली, "आत्या, त्यांना बोलू नका, म्याच ठेवली ती." साफ खोटं. तिनं त्या फळीला कधी हात लावला न्हाय.

दोन्ही बाटल्या पेटीत घालून कुलूप लावलंय. उद्या सकाळी बाया जमतील. कुणाकुणाच्या घरी हे चाललंय ते दत्तूनंच सगळ्यांम्होरं सांगायचं. त्याला वाचवायला सुनेनं तोंड उघडायचं न्हाय.