पापनाशमच्या गाडीचं कडवं

तंजावर,
१० जानेवारी १९६१

चि. सौ. कनकलतेस अक्काचे आशीर्वाद.

तुझं पत्र आणि सोबतचा फॉर्म दोन्ही पोचले. तिरुवैयारूचा आराधनेचा उत्सव आटोपला, पाहुणे गेले, आता पोंगलची झाडलोट काढली आहे. माझे गुडघे कुरकुरतात, पण चालतात. राजगोपालरावांचा खोकला थांबला का?

तू गायलेलं ऊंजलाचं गाणं देशातर्फे युरोपातल्या स्पर्धेला निघालं, हे शेजारच्या कामाक्षीला मी तीनदा सांगितलं. तिला मराठी कळत नाही, तरी तिनं साखर वाटली. नवरानवरीला झोपाळ्यावर बसवून आपल्या बायका म्हणतात ते गाणं, आणि ते परक्या मुलखात ऐकणार, याचं मला हसूच आलं.

तू लिहितेस, दिल्लीच्या तज्ज्ञांनी गाणं पारंपरिक, दोनशे वर्षांपूर्वीचं ठरवलं. पापनाशमच्या गाडीचं कडवं मागाहून कुणी घुसडलं म्हणून गाळायला सांगितलं. शेषम्मा आत्या ते तिच्या अम्माचं, म्हणजे आपल्या आजीचं गाणं म्हणून सांगायची, तसं रचनाकाराच्या रकान्यात लिहून मी खाली सही करायची.

माणसं हुशार आहेत. दोनशे वर्षांपूर्वी रेल्वे नव्हती, एवढं त्यांनी बरोबर ओळखलं. पण ते कडवं कुणी घुसडलेलं नाही, कनके. तुझं वऱ्हाड पापनाशमहून गाडीनं यायचं होतं आणि गाडी तीन तास उशिरा आली. वाट बघता बघता कोहळा चिरत मी ते केलं. बाकीचं गाणं आदल्या आठवड्यातच झालं होतं. सगळं माझंच आहे.

एकविसाव्या वर्षी विधवा झालेल्या बाईनं लग्नात पुढं यायचं नाही, तिथं तिचं गाणं कोण म्हणणार? आत्याला हळूच म्हणून दाखवलं. ती म्हणाली, "तू बोलू नकोस गे. अम्माचं गाणं म्हणून मी सांगत्ये." तुम्हा दोघांना झोपाळ्यावर बसवून तिनंच ते म्हटलं. मी स्वयंपाकघरात बसून ऐकलं आणि फार आनंद झाला.

पुढच्या वर्षी तुझं पहिलं बाळ गेलं.

माझ्या गाण्यानं गेलं, असं मला वाटत राहिलं. तुझ्याकडे यायचं मी टाळायची, ते गुडघ्यांमुळे नव्हे. आत्यापाशी एकदा रडले, तर तिनं रागानं हातातलं भांडं आपटलं. आता तीही नाही. म्हणजे खरं काय ते सांगणारी मी एकटीच उरले.

दोन दिवस विचार केला. तुझ्या सासूबाई काय म्हणतील, तू काय म्हणशील, ठाऊक नाही. रागावलीस तर ऐकून घेईन. पण त्यानंतर तुला दोन मुली झाल्या, दोघींना तू हेच गाणं म्हणून झोपवलंस, आणि दोघी कशा गुटगुटीत आहेत. एवढी साधी गोष्ट माझ्या डोक्यात शिरायला इतकी वर्षं लागली.

आजीचं म्हणून सही माझ्यानं होत नाही. फॉर्म परत पाठवते आहे. रचनाकाराचा रकाना मी माझ्या हातानं भरला आहे. दिल्लीला पाठवायचा की फाडून टाकायचा, ते तू ठरव. फाडलास तरी मी काही म्हणणार नाही. त्यात काय लिहिलं, ते इथंही लिहिते, म्हणजे निदान तुझ्यापाशी राहील.

तुझी अक्का,
श्रीमती चंद्रमती, तंजावर
शब्द आणि चाल दोन्ही